बघू दे ना तिला

७ नोव्हेंबर २०२५, शुक्रवार

आज थिएटरात ओरडले. भर थिएटरात! आणि मला जराही लाज वाटत नाहीये, हे आधीच लिहून ठेवते.

सलीलला ऑफिसात कुणीतरी सांगितलं म्हणे — नवीन तमिळ भुताचा पिक्चर लागलाय, जबरदस्त आहे, खाली इंग्रजी अक्षरं येतात, सगळं कळतं. "चल, तेवढीच बाहेर पडशील," म्हणाला. मार्चपासून मला ऑफिस-घराच्या बाहेर काढायचा विडाच उचललाय नवऱ्याने. कधी झल्लाकचा बीच, कधी बाब अल बहरीनला नुसतं सोनं बघायला, कधी मॉल. जणू मी कुबट वासाची गादी आहे, उन्हात टाकली की होईल ठीक.

पिक्चर आई-बाळाचा आहे हे त्याला माहीत नव्हतं, असं तो म्हणतो. पोस्टरवर ढळढळीत पाळणा आहे! आंधळा आहे का?

गोष्ट अशी. ताडाच्या झाडांमधलं एक घर. तिथे नवी सून बाळंत होते. त्या घरातली आधीची सून मरून भूत झालेली असते. तिचं मूल जन्मताच गेलं होतं आणि घरच्यांनी तिला न दाखवताच गोठ्यामागे पुरून टाकलं होतं. ती डोकं फिरून विहिरीत पडली. आता ती रोज नव्या बाळाच्या पाळण्याशी येते. चोळी पुढून ओली असते. दुधाने. फरशीवर दुधाचे थेंब पडत जातात, त्यावरून कळतं की ती आली.

थेंब दिसले की सगळं थिएटर "ईऽऽ" करायचं. मागची एक पोरगी तर "सो ग्रोस" म्हणाली.

ग्रोस काय त्यात? मलाही आलं होतं दूध. हॉस्पिटलातून रिकाम्या हाताने घरी आले आणि दूध आलं. गाऊन भिजला, चादर भिजली. नर्सने सांगितलं होतं, कोबीची पानं बांधा, गोळ्या घ्या, थांबेल. सलील दोन कोबी घेऊन आला आणि फ्रीजमध्ये ठेवून बेडरूमबाहेर उभा राहिला. आत आला नाही. त्यालाही ईऽऽ वाटलं असेल.

मग ते भूत पाळण्यावर वाकतं. नुसतं वाकतं हो. हातसुद्धा लावत नाही. तर ती नवी सून किंचाळते, बाळाला उचलते आणि पदराखाली झाकून टाकते. तोंड दिसू देत नाही. आणि माझ्या तोंडून निघून गेलं —

"अगं, बघू दे ना तिला! नुसतं बघायचंय तिला!"

मराठीत. मोठ्याने. पुढच्या रांगेतल्या लोकांनी वळून बघितलं. कुणीतरी हसलंसुद्धा. सलीलने दंडाला धरून बाहेर काढलं मला. शेवट राहिला बघायचा.

घरी येताना गुदैबियाच्या सिग्नलला म्हणाला, ओळखीचे लोक होते गं तिथे. बरं झालं होते!

८ नोव्हेंबर, शनिवार

सलीलने सांगितलंच आईला. वाटलंच होतं मला.

सकाळी सांगलीहून सासूबाईंचा व्हिडिओ कॉल. त्यांच्या फोनमध्ये नेहमी कपाळ आणि वरचा पंखा एवढंच दिसतं. कपाळ म्हणालं, असलं अभद्र बघू नये, पुढच्या वेळी बाधतं. पुढच्या वेळी! इथे मागची वेळ अजून संपली नाही, यांना पुढची दिसायला लागली.

नेहमीचंच मग. झालं गेलं विसर. पोटातच गेलं होतं ते. त्याची माया लागायला वेळच कुठे मिळाला तुला? जिवंत होऊन गेलं असतं म्हणजे कळलं असतं.

ते! ते काय? मुलगी होती. माझी मुलगी होती आणि आठव्या महिन्यापर्यंत रोज मला लाथा घालत होती. माया लागायला वेळ मिळाला नाही म्हणे. मी "भाजी लागतेय" म्हणून फोन ठेवला. गॅसवर काही नव्हतं.

११ नोव्हेंबर, मंगळवार

लिफ्टमध्ये वरच्या मजल्यावरची अल्फिया भेटली. तिरुनेलवेलीकडची आहे, दातांच्या दवाखान्यात रिसेप्शनवर बसते. आमची दोस्ती मोडक्या हिंदीत चालते आणि डब्यांच्या देवाणघेवाणीवर. तिने तोच पिक्चर बघितलाय. मी सांगितलं की मला मधूनच उठवून आणलं. तर म्हणाली, शेवट बघितला नाहीस म्हणजे तू काहीच बघितलं नाहीस. ती पुन्हा यायला तयार आहे. शुक्रवारी जुम्मा आटपला की बासित — तिचा नवरा — मुलांना सांभाळेल, आपण जाऊ, म्हणाली.

सलीलला सांगितलं नाही. का सांगू?

१४ नोव्हेंबर, शुक्रवार

जाऊन आले.

शेवट असा आहे. मांत्रिक येतो. त्या भुताला नव्या सुनेच्या अंगात बोलावतो आणि चिंचेच्या झाडापाशी नेतो. केसांची एक बट झाडाला लावतात आणि त्यावर हा एवढा लोखंडी खिळा ठोकतात. बट कापली की भूत झाडात अडकतं, कायमचं. खिळा ठोकायच्या आधी मांत्रिक विचारतो, तुला काय हवंय? कोंबडं? साडी? रक्त?

आणि ती म्हणते, "माझी पोर कुणावर गेली होती, एवढंच सांगा."

एवढंच. सासरा उभा आहे, सासू उभी आहे, नवरा उभा आहे — दुसरं लग्न केलेला! या सगळ्यांनी ते मूल पाहिलेलं आहे. एकाच्याही तोंडातून शब्द फुटत नाही. मांत्रिक हातोडा मारतो. एक घाव, दुसरा घाव. भूत गेलं, सूर्य उगवला, बाळ हसलं, संपलं.

आणि लोकांनी टाळ्या वाजवल्या! माझ्या शेजारचा माणूस पॉपकॉर्नचा डबा काखेत धरून टाळ्या वाजवत होता. असं वाटलं, तोच डबा त्याच्या डोक्यात घालावा. अरे, तिने कुणाचं काय खाल्लं? एका बाळाला तरी ओरखडा काढला का? पिक्चरभर सगळे तिला पोरं खाणारी म्हणत राहिले. तिने फक्त एक प्रश्न विचारला तर खिळा!

बाहेर येऊन आम्ही चहा घेतला. अल्फिया सांगत होती, तिच्या आजोळी असं एक झाड खरंच होतं. खोडभर खिळे. गंजलेले, नवे, सगळे. लहानपणी त्यांना सांगायचे, तिकडे बघायचं नाही, मान खाली घालून जायचं. इतक्या खिळ्यांमध्ये किती जणी बाळंतिणी असतील, असं तिला आता वाटतं. मग कप खाली ठेवून म्हणाली, "इतना छोटा बात था, कस्तुरी. कोई बोला नहीं उसको."

मी तिथेच रडले. मॉलच्या फूड कोर्टात. रडताना सुद्धा राग येत होता.

१५ नोव्हेंबर, शनिवार

विचारलं सलीलला. सरळ विचारलं. तो एसीच्या रिमोटचे सेल बदलत होता. मी म्हटलं, "ती कुणावर गेली होती?"

त्याला कळलं. कोण, असं विचारलं नाही त्याने. सेल उलटे बसवले, काढले, पुन्हा उलटे बसवले. मग म्हणाला, "मी बघितलं नाही. कापडात होती."

बघितलं नाही! नाक? नाही. केस होते का? माहीत नाही. रंग? कस्तुरी, नको ना. किती वेळा विचारलं तरी तेच — कापडात होती, कापडात होती. रिमोट ठेवून बाथरूममध्ये गेला आणि नळ सोडून बसला. इथे पाण्याचं बिल येत नाही वाटतं!

बाप ना तू? मला तरी उठता येत नव्हतं. पहाटे एकदम रक्त जायला लागलं, ॲम्ब्युलन्स, सह्या, भूल. भूल उतरली तेव्हा संध्याकाळ झाली होती. पोटावर टाके, नाकात नळी. डॉक्टरीण बाई पायाशी उभी राहून म्हणाली, वी लॉस्ट द बेबी, बट यू आर सेफ. मी सलीलला म्हटलं, एकदा दाखव मला. म्हणाला, सकाळी बघू. सकाळ झाली तर म्हणे माती दिलीसुद्धा. कुठे दिली? ते नको विचारू, आपल्या मराठी मंडळाच्या सदानंदकाकांनी केलंय सगळं व्यवस्थित.

व्यवस्थित! जिची मुलगी तिला विचारलं नाही, बाकी सगळं व्यवस्थित.

म्हणजे मी बघितली नाही, बापाने बघितली नाही. अख्ख्या जगात माझ्या मुलीचं तोंड कुणालाच माहीत नाही?

१६ नोव्हेंबर, रविवार

आम्ही बोललो नाही. इथे रविवारी ऑफिस, डबा मात्र घेऊन गेला!

१७ नोव्हेंबर, सोमवार

ऑफिसात ओवैस विचारत होता — आमचा अकाउंट्स मॅनेजर — की डिसेंबरात लीव्ह हवी आहे का, आधी सांग. मी म्हटलं बघते. तर मान डोलावून म्हणाला, नेक्स्ट इयर विल बी गुड इयर, इंशाल्ला, बेबी इयर. चांगला माणूस आहे. मार्चमध्ये त्याने रमजान असताना घरून हॉस्पिटलात सूप पाठवलं होतं. तरी त्याच्या अंगावर स्टेपलर फेकावासा वाटला.

सगळ्यांना पुढचं वर्ष दिसतं.

१८ नोव्हेंबर, मंगळवार

आता मात्र हद्द झाली.

सावनीचं डोहाळजेवण या शुक्रवारी आहे. मला कुणी सांगितलं नव्हतं. मंडळाच्या बायकांनी वेगळा व्हॉट्सॲप ग्रुप काढला होता, मला वगळून. "तुला त्रास नको म्हणून." हे मला कळलं कसं? सावनीच्या आईचा फोन आला. नाशिकहून आल्यात लेकीच्या बाळंतपणाला. गोड गोड बोलल्या, तब्येत विचारली, हवा विचारली आणि मग म्हणाल्या की फुलांचे दागिने तुझ्यासारखे इथे कुणालाच जमत नाहीत म्हणतात, तर सावनीसाठी करून देशील का?

मी हो म्हटलं. का नाही म्हणू? सावनी माझी मैत्रीण आहे. बहरीनमध्ये आल्यावर पहिल्यांदा मला भाजीचं दुकान तिने दाखवलं. फेब्रुवारीत माझं डोहाळजेवण झालं तेव्हा कंबरपट्ट्याला ती माझ्याबरोबर बसली होती. मुकुट, बाजूबंद, वेणी, कंबरपट्टा — आजवर इथल्या किती जणींना मी करून दिलेत.

तर पुढे त्या म्हणतात, "दागिने सलीलरावांच्या हाती पाठव हं सकाळी. तू जेवायला ये सावकाश, ओटी वगैरे आटपल्यावर. राग मानू नकोस, आमच्याकडे पाळतात."

माझे हात चालतात. तोंड चालत नाही!

फोन ठेवल्यावर स्वयंपाकघरात उभी राहून मी शिव्या दिल्या. येत होत्या नव्हत्या त्या सगळ्या. सलील बाहेरून ऐकत होता. म्हणाला, जुन्या वळणाच्या आहेत त्या, सोडून दे. याचं आपलं एकच — सोडून दे. किती सोडू रे? सोडता सोडता हातात काय उरलं माझ्या?

सावनीला मेसेज केला, तुला माहीत आहे का आईंनी काय सांगितलं ते? दोन निळ्या खुणा तेवढ्या आल्या.

२० नोव्हेंबर, गुरुवार

मनामातल्या देवळाच्या गल्लीतून फुलं आणली. शेवंती, निशिगंध, थोडे लाल गुलाब. संध्याकाळभर दागिने केले. निशिगंधाच्या कळ्या अशा नाजूक आहेत की सुई जरा जोरात गेली की फुटतात, त्यामुळे रागावून हे काम करता येत नाही. तेवढा वेळ राग बाजूला ठेवला. मुकुट फार सुंदर झालाय. मुद्दाम सुंदर केला.

सलीलने डबा उचलून गाडीत ठेवायची तयारी दाखवली. मी म्हटलं, हात लावू नकोस. मी नेणार. मी ओटीच्या वेळेला जाणार. बघू कोण काय करतं ते!

२१ नोव्हेंबर, शुक्रवार

गेले. लिहिते सगळं, नाहीतर छाती फुटेल माझी.

अरादला सावनीचं घर. दारात चपलांचा ढीग. आत गाणी चालली होती. हिरवी पैठणी नेसले होते मी. फुलांचा डबा घेऊन आत गेले तर गाणं थांबलं. एकदम नाही. एकेकीचा आवाज बंद होत गेला. सावनीच्या आई पुढे आल्या, डबा माझ्या हातातून घेतला आणि म्हणाल्या, बस हं तिकडे, सरबत देते. तिकडे म्हणजे आतल्या खोलीत.

मी नाही गेले. मी म्हटलं, मीच घालते तिला, मुकुटाच्या गाठी मलाच माहीत आहेत.

सावनी झोपाळ्यावर बसली होती. छान दिसत होती. चेहरा भरलाय तिचा. मी समोर गेले, मुकुट उचलला, तिच्या कपाळाशी वाकले —

आणि तिने पदर पोटावर ओढून घेतला. दोन्ही हातांनी. घट्ट.

माझ्याकडे बघितलंही नाही. पायाच्या अंगठ्याकडे बघत होती.

सावनी! जिने मला हॉस्पिटलात भात भरवला ती! अगं, मी काय खाणार होते का तुझं बाळ? त्या थिएटरात लोक हसले होते ना माझ्यावर — मी भुताची बाजू घेतली म्हणून. आज कळलं, मी बाजूबिजू घेतलीच नव्हती. मी माझंच बोलत होते. इथल्या बायकांच्या मनात मी तीच आहे. ओली चोळी, मोकळे केस आणि वाकून पाळण्यात बघणारी.

मी मुकुट बांधला. नीट बांधला, गाठ टोचू नये म्हणून आत वळवली. बाजूबंद बांधले. ओटी नाही भरली. भरणार होते, ठरवून गेले होते, पण त्या पदरावरच्या हातांकडे बघून नको वाटलं. "सुखरूप सुट," म्हटलं आणि बाहेर आले. मनापासून म्हटलं. रागात असले तरी ते मनापासून म्हटलं.

खाली पार्किंगमध्ये सदानंदकाका भेटले. पुरुषमंडळी जेवायला येत होती.

काका म्हणजे आमच्या मंडळाचा आधार. निम्मं आयुष्य बहरीनमध्ये गेलंय. कुणाचं काही बरंवाईट झालं की पहिला फोन त्यांना. एम्बसी, पोलीस, हॉस्पिटल, विमानाचा कार्गो — सगळं त्यांना पाठ. इथे बाकीचे सगळे बुजतात, कुणाला कुठल्या खिडकीवर जायचं ते ठाऊक नसतं, म्हणून काका म्हणतील ती पूर्व दिशा. आणि काकांचा ठरलेला रिवाज आहे. बायकांना अंत्यविधीला न्यायचं नाही. तान्हं मूल असेल तर आईला जागासुद्धा सांगायची नाही. आई परत परत जाते म्हणे, नव्या संसाराला लागत नाही. गावाकडे असंच करायचे म्हणून इथेही तसंच. सगळं इतकं पटापट आणि चोख करतात की आईला मध्ये बोलायला जागाच राहत नाही.

मी त्यांना अडवलं. म्हटलं, काका, माझ्या मुलीचं तोंड तुम्ही पाहिलं होतं का? कुणीतरी पाहिलंच असेल ना. सलीलने नाही पाहिलं, निदान तुम्ही सांगा. कुणावर गेली होती?

काका गोंधळले. हातात गजऱ्याची पिशवी होती, ती या हातातून त्या हातात घेतली. म्हणाले, मी फक्त कागद केले पोरी, मी कापड उघडलं नाही. मग माझ्याकडे नीट बघितलं आणि म्हणाले, "सलीलने नाही पाहिलं असं तो म्हणतो? अगं, मी दुपारी पोचलो तेव्हा त्याच्या मांडीवर होती. सोडत नव्हता. नर्सने समजावलं, मी समजावलं. नुसता तोंडाकडे बघत बसला होता."

वरून कुणीतरी काकांना हाक मारली. ते गेले.

मी टॅक्सी करून घरी आले. पूर्ण रस्ता माझ्या कानात तेच. मांडीवर होती. तोंडाकडे बघत बसला होता. म्हणजे पाहिलं! एवढं पाहिलं आणि माझ्या तोंडावर सांगतो कापडात होती!

२२ नोव्हेंबर, शनिवार

काल तो आल्या आल्या भांडण. काय काय बोलले ते आठवत नाही सगळं. गळा बसलाय.

आधी म्हणाला, काकांचं वय झालंय, त्यांचा गोंधळ होतो. मी म्हटलं, मग लावू का फोन, तुझ्यासमोर विचारते. मग म्हणाला, तुला त्रास होऊ नये म्हणून. हे ऐकलं आणि माझी तिडीक मस्तकात गेली. तुम्ही सगळे मिळून मला त्रास होऊ नये म्हणून काय काय करता रे! मुलगी दाखवत नाही. जागा सांगत नाही. ग्रुपमधून काढता. आतल्या खोलीत बसवता. अजून एक खिळा राहिलाय, तोही ठोका आणि टाळ्या वाजवा!

मी म्हटलं, ती माझीही होती. तुझ्या डोळ्यात तिचं तोंड आहे आणि माझ्याकडे काही नाही. तू रोज बघत असशील ते, मला सांगायचं नाही, कंजूसपणा करतोस. एवढं बोलल्यावर तो खाली बसला. फरशीवरच. तोंड झाकून. मला दया यायला हवी होती. आली नाही.

तिकीट बघून ठेवलंय. डिसेंबरचं, पुण्याला माहेरी. एकटीचं, जायचं फक्त. दुपारी त्याला सांगितलं — उद्यापर्यंत सांग ती कशी होती, नाहीतर मी चालले. मग आईला विचार पुढच्या वेळचं.

हॉलमध्ये झोपलाय.

२३ नोव्हेंबर, रविवार

ऑफिसला गेला नाही. चहा करून समोर बसला आणि बोलला.

तुझ्यावर गेली होती, म्हणाला. हनुवटी तुझी, कपाळ तुझं. भरपूर केस. आणि रडली की खालचा ओठ तुझ्यासारखा वाकडा व्हायचा.

मी म्हटलं, रडली की?

पहाटे जन्मली ती दुपारपर्यंत होती. श्वास घेत होती. वाचणार नाही हे डॉक्टरांनी लगेच सांगितलं. म्हणून नर्सने नळ्या काढून त्याच्या मांडीवर दिली. मला तोवर अर्धवट शुद्ध आली होती म्हणे, हाक मारली की हुंकार देत होते. डॉक्टरीण बाईने विचारलं, आईला बेडसकट इकडे आणू का, थोडा वेळ कुशीत देऊ. त्याने सांगलीला फोन लावला. आई म्हणाल्या, नको, बघितलं की माया लागेल. तो बाहेर येऊन नको म्हणाला.

एक अख्खी सकाळ माझी मुलगी जिवंत होती. मी भिंतीपलीकडे होते. मला कुणी उठवलं नाही.